एकमेव मुख्यमंत्री

आमच्या जलशांत बॅरिस्टर अंतुल्यांचे नाव निघाले की छाती फुगते. ‘महाराष्ट्राचा एकमेव मुस्लिम मुख्यमंत्री!’ पुढे काय? पुढे बिर्याणी.

आंबेतचा हा कोकणी माणूस १९६२ साली श्रीवर्धनमधून आमदार झाला, जून १९८० मध्ये मुख्यमंत्री. कुलाब्याचे रायगड त्यांच्याच काळात झाले. सिंधुदुर्ग, जालना हे जिल्हेही. संजय गांधी निराधार योजना त्यांचीच. माझ्या वर्गातल्या दोन मुलांच्या बेवा आया त्या पैशांची वाट पाहतात. ती मदत धर्म विचारून मिळत नाही. हे आम्ही सांगतो का? आम्हांला कामापेक्षा नाव प्यारे!

आणि सिमेंट? ‘आपल्या माणसाला अडकवले’ म्हटले की आम्ही मोकळे. अहो, सिमेंटच्या वाटपाच्या बदल्यात ट्रस्टला देणग्या, असा ठपका मुंबई हायकोर्टाने जानेवारी १९८२ मध्ये ठेवला, म्हणून राजीनामा द्यावा लागला. पुढे १९८८ मध्ये सुप्रीम कोर्टाने खटल्याबाबतचा स्वतःचाच हुकूम त्यांच्या बाजूने फिरवला, हेही खरे. पण तो वाद खटला कुठे चालवायचा याचा होता, देणग्यांचा नव्हे.

‘सर, ते चांगले होते की वाईट?’ सातवीतल्या मुलाने विचारले. मी फळ्यावर निराधार योजना लिहिली, शेजारी सिमेंट. पालकसभेत मला कौमचा दुश्मन ठरवले गेले. ठरवा! ९ फेब्रुवारीला त्यांची जयंती असते. बोलायला उभे केलेत तर दोन्ही सांगेन. उठून जायचे त्यांनी जावे.