तेलगीच्या कसबाची दंतकथा

अब्दुल करीम तेलगी याच्याविषयी बोलताना पुष्कळ शहाण्यासुरत्या माणसांच्या स्वरात निषेधापेक्षा कौतुकाचाच अंश अधिक आढळतो. खानापूरच्या रेल्वेस्थानकावर फळे विकणारा हा पोरगा अलौकिक बुद्धीच्या जोरावर सरकारी मुद्रांकांची हुबेहूब नक्कल करू शकला आणि म्हणूनच तपासी अंमलदारांना वर्षानुवर्षे हुलकावणी देऊ शकला, असा त्यांचा पक्ष आहे. तो रोचक आहे. पुराव्यापुढे मात्र टिकत नाही.

ज्या नाशकाच्या सरकारी छापखान्यात अस्सल मुद्रांक छापले जात, तेथूनच निकामी ठरवून विकलेली यंत्रे ज्याच्या हाती पडली आणि मुद्रांकविक्रीचा रीतसर परवानाही ज्याच्या खिशात होता, त्याने कसबाची अशी कोणती तपश्चर्या केली? त्याचे गिऱ्हाईकही अडाणी कुळे नव्हती. बँका, विमा कंपन्या आणि शेअरदलाल असे जाणते खरेदीदार, अस्सल कागदाची टंचाई असताना, दारात आलेल्या त्याच्या हस्तकांकडून गठ्ठेच्या गठ्ठे उचलीत होते. राहिली हुलकावणी. त्याच्यावर गुन्हे आधीच नोंदलेले होते, २००१ च्या नोव्हेंबरात तो अजमेरला पकडला गेला आणि त्यानंतरही बंगळूरच्या तुरुंगातून मोबाईलवर त्याचा कारभार चालूच राहिला. याला पाठलाग म्हणावे की पाहुणचार?

यावर कोणी म्हणेल, म्हणजे सारे पोलीस खातेच विकले गेले होते. हेही सरसकट खरे नाही. तुरुंगातील त्याची संभाषणे टिपली ती कर्नाटकाच्या पोलिसांनीच. आणि मुंबईच्या ज्या आयुक्तांना निवृत्त होताच अटक झाली, त्यांना पुढे न्यायालयाने दोषमुक्त केले. महाराष्ट्रात तपासाला खरी धार आली ती अण्णा हजारे यांच्या याचिकेनंतर, उच्च न्यायालयाची नजर त्यावर स्थिरावली तेव्हा.

आमचे म्हणणे एवढेच, की हे प्रकरण एका उस्तादाचे नसून ढिलाईचे आहे. पुण्याच्या विशेष न्यायालयाने २००७ साली तेलगीला १३ वर्षांची सक्तमजुरी व २०२ कोटींचा दंड ठोठावला. २०१७ साली तो शिक्षा भोगतानाच मरण पावला. पण नकली मुद्रांकाला खरा पायबंद त्या शिक्षेने बसणार नव्हता. त्यासाठी विक्रीची पद्धतच बदलावी लागली. आता ई-मुद्रांकावरील क्रमांक संगणकावर पडताळता येतो. दस्त नोंदवण्यापूर्वी वाचकांनी तो अवश्य पडताळून घ्यावा. दलालाच्या शब्दावर विसंबू नये.