खेळातील स्क्रीनशॉट: न्यायालयात मोल किती?

संगणकावर वा मोबाईलवर खेळताना मोठा डाव जिंकला, की खेळाडू चटकन पडद्याचे छायाचित्र टिपतो. मित्रांना दाखवण्यास ते पुरते. पैशांचा वाद उद्भवला की मात्र प्रश्न बिकट होतो.

छत्तीसगडमध्ये गाजलेल्या ‘महादेव’सह २२ बेकायदा सट्टा ॲप व संकेतस्थळे केंद्राने ५ नोव्हेंबर २०२३ रोजी बंद केली. असे ॲप बंद पडले, की रायपूरच्या बूढापाऱ्यातील खेळाडूच्या हाती उरतो तो स्क्रीनशॉट.

अशा नोंदींबाबतचा निकष महाराष्ट्रातील एका निवडणूक वादातून स्पष्ट झाला. जालन्याच्या खोतकर-गोरंट्याल प्रकरणात, मूळ उपकरण हजर करता येत नसेल तर प्रतीसोबत प्रमाणपत्र अनिवार्य आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १४ जुलै २०२० रोजी दिला. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ अन्वये या प्रमाणपत्रात फाइलचे ‘हॅश’ मूल्य, म्हणजे जणू तिच्या बोटांचा ठसाच, नमूद करावा लागतो. व्हॉट्सॲपवरून छायाचित्र म्हणून पाठवलेली प्रत आकाराने आक्रसते आणि तिचा ठसा मूळ फाइलशी जुळत नाही. नेमकी हीच प्रत बहुतेकजण जपून ठेवतात आणि जुना फोन विकून टाकतात!

शिवाय चित्र अस्सल ठरले, तरी त्यात दिसणारी शिल्लक ॲप चालवणाऱ्यानेच पडद्यावर लिहिलेली असते. पैसे खरोखर कोणाच्या खात्यात गेले, हे बँकेचा उताराच सांगतो.