घरी नव्हतो, हा गुन्हा कधीपासून?



वेचणी सुरू झाली की दिवसा गावात म्हातारी माणसे आणि कुत्री एवढीच उरतात. नेमका तेव्हाच बेलिफ येतो. दाराला कुलूप दिसते. समन्सची प्रत दारावर चिकटवून तो निघून जातो. ती प्रत वारा नेतो, नाहीतर शेळी खाते. तारखेला कोर्टात पुकारा होतो, 'हजर' म्हणायला कोणी नसते, आणि शेताचा ताबा सोडा असा एकतर्फी हुकूमनामा होऊन बसतो. आपल्याला खबर लागते ती दरखास्तीची माणसे बांधावर उभी राहतात तेव्हा.

ज्याचे म्हणणे ऐकलेच नाही, त्याचा निकाल लागला कसा?

कायदा इतका आंधळा नाही, हे आधी सांगतो. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर ५ आहे. दारावर समन्स लावले तर केव्हा, कसे लावले आणि घर कोणी दाखवले, हे बेलिफाने अहवालात लिहायचे असते. अहवालासोबत प्रतिज्ञापत्र नसेल तर कोर्टाने बेलिफाला शपथेवर तपासलेच पाहिजे. मग समन्स रीतसर बजावले गेले असे जाहीर करायचे, नाहीतर दुसऱ्या रीतीने बजावणीचा हुकूम द्यायचा. कागदावर हे सगळे आहे. रोजनाम्यात मात्र 'बजावणी झाली, प्रतिवादी गैरहजर' एवढ्यावर भागवले जाते. म्हणून आधी रोजनामा आणि बेलिफाचा अहवाल यांच्या नकला काढा. आपली केस पुष्कळदा तिथेच सापडते.

हुकूमनामा रद्द करायचा अर्ज ऑर्डर ९, नियम १३ खाली, त्याच कोर्टात. कारणे दोनच: समन्स रीतसर बजावले नाही, किंवा हजर न राहण्यास पुरेसे कारण होते. बजावणीत नुसती बारीक चूक दाखवून मात्र चालत नाही. तारीख आपल्याला माहीत होती आणि यायला वेळही होता असे दिसले, तर अर्ज पडतो.

मुदत ३० दिवस, हुकूमनाम्याच्या तारखेपासून. समन्स रीतसर बजावले नसेल तर हुकूमनामा कळल्या दिवसापासून. समोरचा वकील बजावणी झालीच म्हणणार. म्हणून मुदत कायद्याच्या कलम ५ खाली उशीर माफीचा अर्जही सोबत द्या. अर्ज दिला म्हणजे ताबा थांबला असे नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. ताबा गेलाच असेल, तर हुकूमनामा रद्द झाल्यावर कलम १४४ खाली परत मागता येतो. अर्ज फेटाळला तर त्यावर अपील आहे.

उशिरावरून आम्हाला एक गोष्ट नेहमी आठवते. १९८७ साली अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात वाढलेल्या मोबदल्याविरुद्ध सरकारच्या अपिलाला चार दिवस उशीर झाला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो माफ केला आणि दिवसादिवसाचा हिशेब असा कोरडेपणाने मागू नये असे म्हटले. निकाल चांगलाच आहे. पण सरकारसाठी जे मन मोठे झाले, ते ज्वारीच्या काढणीत अडकलेल्या माणसासाठी तालुक्याच्या कोर्टात आखडते का? आमच्या वकिलांनी हा निकाल खिशात बाळगावा.

आपल्या लोकांनाही चार शब्द सुनावले पाहिजेत. 'कागद घेतलाच नाही, म्हणजे सुटलो' हा शहाणपणा कोणी शिकवला? समन्स नाकारले तरी ते बजावले असेच धरले जाते. पोस्टमन परत पाठवणारे पुढारी गावोगाव आहेत. जमीन जाते तेव्हा ते दिसत नाहीत.

आणि कूळ असाल तर गप्प बसूच नका. कूळ आहे की नाही, हे दिवाणी कोर्टाने ठरवायचे नसते. तो मुद्दा तहसीलदाराकडे जातो. पण तो कैफियतीत मांडला तरच. एकतर्फी दाव्यात तो मांडणार कोण?

आमची मागणी अशी: कसत्या जमिनीच्या ताब्याच्या दाव्यात, दारावर समन्स लावले असेल तर प्रतिज्ञापत्र असो वा नसो, बेलिफाला शपथेवर तपासल्याशिवाय एकतर्फी पुढे जाऊ नये. समन्सची खबर ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लागावी आणि दवंडीने फिरावी. लिलावाची दवंडी पिटता येते, मग दाव्याची का नाही?

जिल्हा बैठकीला येताना ज्यांच्या गावात असा हुकूमनामा झाला असेल त्यांनी नकला सोबत आणाव्यात. तीस दिवस मोजले जात आहेत.