चायनीज चालतं, मग आमचं मटण का नाही?

गाड्यावर खिमा पोळीत गुंडाळला की तो ‘चायनीज रोल’ होतो. सगळ्या जाती रांगा लावून खातात. तोच खिमा आम्ही घरी शिजवला की आम्हाला भाड्याची खोली नाकारतात. प्रश्न मांसाचा नाही, शिजवणाऱ्याच्या जातीचा आहे.

रोल घरी करणं सोपं आहे. आलं-लसणावर खिमा परतून शिजवा. आपल्या निफाड तालुक्यातल्या लासलगावचा कांदा, उभी चिरलेली कोबी, चमचाभर सोया सॉस घालून मोठ्या आचेवर परता. चपातीत गुंडाळा.

शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ या २०१५च्या पुस्तकात आपल्या पूर्वजांचं ताट, चान्यांसकट, न लाजता मांडलं. मित्रांनो, आपणही डबा झाकून खायचा नाही. शेजाऱ्यालाही द्यायचा, आणि ‘चायनीज’ नव्हे, ‘आमच्या घरचं’ म्हणून द्यायचा.

जय भीम!