सासूचं सोंग

जालना, अंबड, भोकरदन, कुठल्याही आळीत जा, एखादी सूनबाई म्हणतेच, "आमच्या सासूबाई म्हणजे अगदी ललिता पवार!" हसत म्हटलं तरी बोचायचं ते बोचतंच. पण मैत्रिणींनो, जिचं नाव आपण असं शिवीसारखं वापरतो, ती बाई होती तरी कोण?

ती काही फार लांबची नव्हती, बरं का. जालन्याहून मनमाडच्या गाडीत बसलं की वाटेत नगरसोल लागतं ना? ते येवले तालुक्यातलं. त्याच येवल्यात, पैठणीच्या गावी, १९१६ साली तिचा जन्म झाला. नाव ठेवलं अंबा. बाराव्या वर्षी, १९२८ मध्ये, ती मूकपटात आली. पुढे ती नायिका झाली, गाऊ लागली आणि १९३२ च्या 'कैलाश' चित्रपटाच्या निर्मितीतही तिचा वाटा होता. त्या काळी घराबाहेर पाऊल टाकायचीही चोरी, हे लक्षात घ्या!

आणि मग १९४२ साली 'जंग-ए-आजादी'च्या चित्रीकरणात घात झाला. प्रसंग होता थोबाडीत मारण्याचा. भगवान दादांचा हात जरा जास्तच जोरात लागला. मुद्दाम कुणी काही केलं नव्हतं, पण तिचा चेहरा लुळा पडला आणि डाव्या डोळ्याला इजा झाली. उपचार वर्षानुवर्षं चालले, तरी तो डोळा कायमचा बारीकच राहिला. वय अवघं सव्वीस, आणि नायिकेची कामं संपली.

दुसरी एखादी कपाळाला हात लावून बसली असती. हिने मिळेल ती दुय्यम भूमिका घेतली. 'रामशास्त्री'तली आनंदीबाई केली, १९५० च्या 'दहेज'मधली सासू केली. तोच बारीक डोळा रोखून तिने पाहिलं, की थिएटरातल्या बायका बोटं मोडायच्या. पण त्याच डोळ्यात माया किती मावते, हे पाहायचं असेल तर 'श्री ४२०'मधली केळेवाली पाहा, नाहीतर 'अनाडी'तली घरमालकीण मिसेस डिसा. तोंडाने फटकळ, पोटात नुसती कणव! 'अनाडी'साठी तिला फिल्मफेअर पारितोषिक मिळालं आणि १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीने तिचा गौरव केला. १९८७ मध्ये 'रामायण' सुरू झालं, तेव्हा रविवारी सकाळी ज्याच्या घरी टी.व्ही. असेल तिथे शेजारपाजार जमायचा. त्यातली मंथरा हीच, सत्तरी ओलांडलेली! २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात तिने जगाचा निरोप घेतला.

या गोष्टीतून घरात उपयोगी पडतील अशा दोन गोष्टी सांगते. पहिली म्हणजे, रागाच्या भरातसुद्धा मुलाच्या गालफडात कधी मारू नका. डोळा आणि कान तिथून किती जवळ असतात! आणि घरात कुणाचंही तोंड अचानक एका बाजूला वाकडं झालं, डोळा मिटेना, बोलणं अडखळू लागलं, तर तेल चोळण्यात नि शेकण्यात वेळ दवडू नका. तडक दवाखाना गाठा. अशा वेळी तासातासाला मोल असतं.

दुसरी गोष्ट सुनांसाठी. पडद्यावरच्या सासूमागे येवल्याची एक हुशार, जिद्दी मुलगी होती. आपल्या घरातल्या सासूबाईही कधीकाळी कुणाच्या तरी लाडक्या लेकी होत्याच की! लग्नाआधी त्यांना काय यायचं, काय व्हायचं मनात होतं, हे कधी विचारलंय? दुपारी शेंगा फोडताना एकदा विचारून तर पाहा. आणि सासूबाई, तुम्हालाही एक सांगते. ललिताबाईंना त्या कामाचे पैसे मिळत होते. आपण ते सोंग घरात फुकटात कशाला करायचं?