निर्मनुष्य नसलेली दरी

अमेरिकेतल्या ग्रँड कॅन्यनच्या दक्षिण काठावर उभं राहून नकाशा उघडला, की मराठी माणूस चक्रावतो. समोरच्या शिखरांची नावं विष्णू टेम्पल, शिव टेम्पल, ब्रह्मा टेम्पल! अगदी तळाशी, कोलोराडो नदीला खेटून असलेल्या सुमारे १७० कोटी वर्षं जुन्या काळ्या खडकाचं भूशास्त्रातलं नावही ‘विष्णू शिस्ट’. काठावरचा चुनखडक त्या मानाने पोरसवदा, २७ कोटी वर्षांचा. आपल्या सह्याद्रीच्या कातळाचं वय त्याच्याही जेमतेम पाव भरतं.

हे वाचून छाती फुगवण्याचं कारण नाही. या नावांमागे कुणी प्राचीन भारतीय प्रवासी नव्हते. क्लॅरेन्स डटन हा सैन्यातला अधिकारी आणि भूशास्त्रज्ञ. त्या सुळक्यांचं वर्णन करायला त्याला पाश्चात्त्य शब्द अपुरे पडले आणि पूर्वेकडची देवळं आठवली. या प्रदेशावरचा त्याचा ग्रंथ १८८२ साली प्रसिद्ध झाला. पुढच्या नकाशाकारांनी तीच रीत चालवली.

त्याच १८८२ साली आणखी एक कागद निघाला. दरीत आणि भोवतालच्या पठारावर पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या हवासुपाई लोकांना सरकारी हुकमाने ५१८ एकरांत कोंडण्यात आलं. हवासुपाई म्हणजे निळ्या-हिरव्या पाण्याचे लोक. उन्हाळ्यात दरीतल्या झऱ्यांकाठी शेती आणि हिवाळ्यात पठारावर शिकार, असं त्यांचं वर्ष होतं. त्यातला अर्धा भाग हुकमाने कापून टाकला. दरीतल्या त्यांच्या सुपाई गावाला आजही मोटाररस्ता नाही, टपाल खेचरांच्या पाठीवरून येतं.

पुढचा इतिहास पर्यटन पुस्तिकांत सापडतो. १९०१ साली रेल्वे काठापर्यंत पोचली, १९०५ साली एल टोवार हॉटेल उघडलं आणि १९१९ साली राष्ट्रीय उद्यान झालं. पुस्तिकांत सहसा नसलेली गोष्ट १९२८ सालची आहे. ब्राइट एंजल वाटेने सात किलोमीटर उतरलं, की कॉटनवूडच्या सावलीतलं, बारमाही झऱ्याचं एक हिरवं ठिकाण लागतं. हवासुपाईंची तिथे शेती होती. उद्यानाने त्या वर्षी बुरो नावाच्या शेवटच्या रहिवाशाला तिथून हुसकावलं. जागेचं नाव मात्र ‘इंडियन गार्डन’ राहिलं. माळ्याला घालवून बागेला त्याच्या जातीचं नाव ठेवण्यासारखाच हा प्रकार.

माणसं हलवली, की निर्मनुष्य निसर्गाची कथा रचणं सोपं जातं. १९३७ साली न्यूयॉर्कच्या निसर्गेतिहास संग्रहालयाने शिव टेम्पलवर मोहीम काढली. हजारो वर्षं तुटून पडलेल्या त्या माथ्यावर वेगळेच प्राणी सापडतील, अशी आशा होती. वर्तमानपत्रांनी तर डायनोसॉरपर्यंत मजल मारली. वेगळा प्राणी एकही निघाला नाही. सापडलं ते कोडॅक फिल्मचं रिकामं खोकं! काठावर स्टुडिओ चालवणारा छायाचित्रकार एमरी कोल्ब त्याआधीच वर जाऊन आला होता. त्याच माथ्यावर जुन्या आदिवासींच्या वावराच्या खुणाही मिळाल्या.

चूक दुरुस्त व्हायला वेळ लागला. १९७५ साली हवासुपाईंना १ लाख ८५ हजार एकर जमीन परत मिळाली आणि २०२२ साली ‘इंडियन गार्डन’चं ‘हवासुपाई गार्डन्स’ झालं. पाटी बदलल्याने काय होतं, असं विचारणाऱ्यांनी काठावरच्या नळाचं पाणी कुठून येतं ते पाहावं. उत्तर काठाखालच्या रोअरिंग स्प्रिंग्जचं पाणी नळाने दरी ओलांडतं आणि याच बागेतल्या पंपांनी दक्षिण काठावर चढतं. ऑगस्ट २०२४ मध्ये ही जुनाट वाहिनी वारंवार फुटली आणि दक्षिण काठावरच्या हॉटेलांना मुक्कामी पाहुणे घेणं थांबवावं लागलं. वर्षाला सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीस लाख पर्यटकांचा बारदाना बुरोच्या अंगणातल्या पंपांवर उभा आहे.

म्हणूनच अमेरिकेत पोरांकडे जाणाऱ्या मराठी आईबाबांनी आणि त्यांना फिरवून आणणाऱ्या सहल कंपन्यांनी कार्यक्रम थोडा बदलावा. लास व्हेगसहून एका दिवसात उरकणाऱ्या बहुतेक बस काचेच्या स्कायवॉकवर नेतात. तो हुआलापाई जमातीच्या जमिनीवर, राष्ट्रीय उद्यानाच्या बाहेर आहे. तिथे जाऊ नये असं नाही, पण कुणाच्या अंगणात उभे आहोत ते माहीत असावं. आणि उद्यानात गेलात, तर मुख्य वस्तीपासून चाळीस किलोमीटर पूर्वेला डेझर्ट व्ह्यूपर्यंत जा. मेरी कोल्टर या वास्तुरचनाकार बाईंनी १९३२ साली बांधलेला दगडी मनोरा तिथे आहे. आतल्या भिंतींवर होपी चित्रकार फ्रेड काबोटी यांनी त्यांच्या लोकांच्या कथा रंगवल्या आहेत. आधी त्या बघाव्यात, मग जिना चढून खिडकीशी जावं आणि नकाशातला विष्णू समोर शोधावा.