दर्यातल्या सर्पदंशाची नोंद कोण घेणार?

साप म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे शेताचा बांध येतो, भाताची उडवी येते, पावसाळ्यात घरात शिरलेली मण्यार येते. सर्पदंशावरची सरकारी पत्रके, शाळेतली भित्तिचित्रे, सर्पमित्रांची व्याख्याने, सगळे काही जमिनीवरच्या सापांभोवती फिरते. पण बाणकोटपासून तेरेखोलपर्यंत ज्यांचे पोट समुद्रावर चालते, त्यांच्या जाळ्यात वरचेवर येणारा साप वेगळाच आहे. त्याच्याविषयी मच्छीमाराला थोडेफार ठाऊक असते. दवाखान्याला आणि शासनाला मात्र तो दिसतच नाही.

आपल्या किनाऱ्यावर जाळ्यात मुख्यत्वे दोन जातींचे समुद्री साप येतात. एकाच्या वरच्या जबड्याचे टोक चोचीसारखे खाली वळलेले असते. हा खाडीच्या मुखापाशी, गढूळ पाण्यात, चिखलाच्या तळाशी राहतो. दुसरा आखूड आणि जाडसर, तो जरा बाहेरच्या पाण्यातला. दोघांचीही शेपटी वल्ह्यासारखी चपटी असते आणि ओळखायची खूण तीच. वामही जाळ्यात सापासारखीच वळवळते, पण तिला कल्ले असतात, पर असतात. सापाला कल्ले नाहीत. त्याला हवा घ्यायला पाण्यावर यावेच लागते. फुप्फुस मात्र अंगाच्या जवळजवळ टोकापर्यंत गेलेले, त्यामुळे एकदा श्वास घेतला की बराच वेळ तो खाली राहू शकतो. पिल्लेही समुद्रातच जन्मतात, अंडी घालायला जमिनीवर यायची गरज नाही.

काही जण म्हणतात, पाण्यातला साप बिनविषारी, आपल्या दिवडासारखा. दुसरे म्हणतात, त्याचे तोंड एवढुसे, तो माणसाला काय चावणार! दोन्ही समजुती जिवावर बेतणाऱ्या आहेत. चोचीवाल्या सापाचे विष नागाच्या विषापेक्षा तीव्र आहे. दात आखूड असले तरी बोटात रुतायला पुरेसे आहेत. एक खरे, की तो आपणहून माणसाच्या अंगावर धावून येत नाही, आणि चावला तरी दर वेळी विष सोडतोच असे नाही. पेनांगच्या रुग्णालयात १९५०च्या दशकात डॉ. अॅलिस्टर रीड यांनी अशा रुग्णांच्या बारकाईने नोंदी ठेवल्या. त्यात दिसले ते हेच, की चावले जाणारे बहुतेक मच्छीमार आणि त्यांतल्या पुष्कळांना गंभीर विषबाधा होतच नाही. पण ज्यांना होते त्यांचे हाल फार वाईट.

हे हाल कसे होतात, हे आपल्या बंदरांवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवायला हवे. चावा फारसा दुखत नाही, सूज येत नाही. टाचणी टोचल्यागत वाटते आणि खलाशी पुन्हा मासळी निवडायला बसतो. मग अर्ध्या तासाने म्हणा, दोन-तीन तासांनी म्हणा, अंग आंबल्यासारखे होते, मान ताठरते, जबडा उघडत नाही, हातपाय हलवले की कळा येतात. हे विष स्नायू मोडते. मोडलेल्या स्नायूंचा गाळ मूत्रपिंडात जातो आणि लघवी काळ्या चहासारखी होते. पुढे श्वास अडकू शकतो, मूत्रपिंडे बंद पडू शकतात. जमिनीवरच्या सर्पदंशात जखम पाहून डॉक्टर सावध होतो. इथे जखम दिसतच नाही. ऊन लागले, अंग धरले, असे म्हणून गडी गोळी घेऊन झोपून जातो.

बरं, वेळेत दवाखान्यात पोचला तरी पुढे काय? आपल्याकडे मिळणारी सर्पदंशाची लस चार सापांच्या विषावर बनते: नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे. समुद्री सापाच्या विषावर तिचा भरवसा धरता येत नाही, उलट तिची रिअॅक्शन येण्याचा धोका आहेच. समुद्री सापावरची लस ऑस्ट्रेलियात तयार होते. गंमत अशी, की ती बनवायला ज्या सापाचे विष वापरले गेले तो आपल्या खाड्यांतला हाच चोचीवाला साप. साप आमच्या जाळ्यात आणि लस साता समुद्रापार! तीही असून वेळेवर हात पोचला नाही तर उपयोग नाही. २०१८ मध्ये उत्तर ऑस्ट्रेलियाच्या समुद्रात ट्रॉलरवरचा एक तेवीस वर्षांचा खलाशी जाळे ओढताना चावा बसून दगावला. तिथे ही गत, तर आपल्याकडे दहा-पंधरा वाव पाण्यापलीकडे गेलेल्या, बंदर चार-सहा तास मागे टाकलेल्या नौकेचे काय सांगावे.

तरीही हातपाय गाळायचे कारण नाही. लस नसली तरी डायलिसिस आणि कृत्रिम श्वासोच्छ्वासाची सोय वेळेत मिळाली तर रुग्ण वाचू शकतो. म्हणजे प्रश्न उरतो तो बोटीवरून थेट योग्य रुग्णालयात पोचण्याचा. तांडेलाने वायरलेसवरून आधी कळवायचे, बंदरावर रुग्णवाहिका उभी असायची आणि प्राथमिक केंद्राने रुग्ण तिथेच न ठेवता डायलिसिस असलेल्या ठिकाणी हलवायचा. चावलेला हात हलवू नये, कापू नये, करकचून दोरी बांधू नये, एवढे प्रत्येक खलाशाला पाठ असावे. मासळी निवडताना जाड हातमोजे घालावेत आणि साप हाताने नव्हे, काठीने उचलून पाण्यात सोडावा. हातमोज्यांची किंमत बोटीच्या एका फेरीच्या डिझेलपुढे किस झाड की पत्ती! पण मालकाने दिले नाहीत तर खलाशी आपल्या पैशाने थोडेच घेणार?

आता पैशाकडे येऊ. शेतकऱ्याला शेतात साप चावून मृत्यू आला तर गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून वारसांना दोन लाख रुपये मिळतात. ही योजना सातबाऱ्यावर नाव असलेल्या खातेदाराची आणि त्याच्या कुटुंबातल्या एका सदस्याची. खलाशाचा सातबारा कुठला? समुद्राला गट नंबर नसतो. एप्रिल २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने मत्स्यव्यवसायाला शेतीचा दर्जा दिला, त्याचे किनाऱ्यावर स्वागतही झाले. विजेचा दर, कर्जाचे व्याज, विमा अशा गोष्टी त्यात आल्या. मग साधा प्रश्न असा, की मासेमारी ही शेती, तर जाळे हे शेत नव्हे का? आणि त्या शेतात साप चावलेला माणूस त्याच दोन लाखांचा हक्कदार का नसावा?

मच्छीमारांसाठी केंद्राच्या मत्स्य संपदा योजनेखाली गट अपघात विमा आहे, मृत्यूला पाच लाखांचा, हे मान्य. पण त्यासाठी माणूस यादीत हवा आणि मृत्यू कशाने झाला ते कागदावर हवे. आज आपल्या ट्रॉलरवर आणि पर्ससीनवर काम करणारे कितीतरी हात कर्नाटक, ओडिशा, झारखंड आणि थेट नेपाळचे आहेत. त्या पोरांची नावे कुठल्या यादीत आहेत? आणि मूत्रपिंड निकामी होऊन मृत्यू, एवढेच दाखल्यावर आले तर विमा कंपनी साप कुठून मानणार?

सगळे अडते ते नोंदीपाशी. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी विंचूदंशाच्या रुग्णांची एकेक नोंद ठेवली, म्हणून प्राझोसिनचा उपचार हाती आला आणि कोकणातली विंचवाची दहशत ओसरली. कामाची सुरुवात झाली ती खेड्यातल्या केसपेपरपासून. मार्च २०२४ मध्ये केंद्राने सर्पदंशाचा राष्ट्रीय कृती आराखडा जाहीर केला, २०३० पर्यंत मृत्यू निम्म्यावर आणायचे म्हणून. किनारी जिल्ह्यांनी त्यात समुद्रातला दंश स्वतंत्रपणे मोजायला घेतला, तर निदान आपल्याकडे वर्षाला किती जण चावले जातात ते कळेल. आकडा लहान निघाला तर ऑस्ट्रेलियाची थोडी लस मागवून जिल्हा रुग्णालयात ठेवणे सोपे. मोठा निघाला तर इथल्याच सापाच्या विषावर इथेच लस बनवण्याची मागणी जोर धरेल. मुंबईत हाफकिनसारखी संस्था असलेल्या राज्याला ते अशक्य नाही.

एवढे वाचून कोणी दिसेल तो साप ठेचायला निघेल, तर त्याने थांबावे. चोचीवाल्या सापाचे खाणे म्हणजे शिंगाळा आणि केंड. केंड जाळी कशी फाडतो हे देवगड-मालवणच्या मच्छीमारांना सांगायला नको. साप वाढले की केंड संपतील, असे सोपे गणित मी मांडत नाही. पण माशासारखी लाखो अंडी घालणारा हा प्राणी नव्हे. मेलेला साप भरून यायला वेळ लागतो. ट्रॉलचे जाळे दोन-तीन तास तळाशी ओढले की आत अडकलेला साप श्वासाविना गुदमरून मरतो. जाळे लवकर वर घेतले तर तो जिवंत सुटतो, आणि मासळीही कमी चेंगरते. खाडीच्या तोंडाशी बेसुमार वाळू उपसली, तर त्याचे घरच जाते. तिथेच वाढणाऱ्या पिल्ल-मासळीचेही तेच. पारंपरिक मच्छीमार जाळ्यातला साप बहुधा परत पाण्यात सोडून देतो. कायद्यासाठी नव्हे, वाडवडिलांची रीत म्हणून. ती रीत मोठ्या बोटींवरही जावी.

पावसाळी बंदीचे ६१ दिवस, १ जून ते ३१ जुलै, बोटी किनाऱ्यावर असतात. जाळी विणली जातात, इंजिने उघडली जातात. याच काळात मत्स्य विभागाने आणि आरोग्य विभागाने बंदरा-बंदरांत एकत्र बसून खलाशांची यादी करावी, तांडेलांना तासाभराचे शिक्षण द्यावे आणि कुठल्या बंदरातला रुग्ण कुठल्या रुग्णालयात न्यायचा तो तक्ता मच्छीमार सोसायटीच्या भिंतीवर लावावा. सोसायट्यांनीही मागणीचा ठराव पावसाळी सभेतच करून मंत्रालयात धाडावा, कारण १ ऑगस्टनंतर सभेला माणसे मिळत नाहीत.